गाडी आमचं घर विचारत होती

न्हावऱ्याच्या चौकात माझ्या मावसभावाचं चहाचं दुकान आहे. त्याचा फोन आला तेव्हा मी गावाकडच्या घरी, कांद्याच्या चाळीत सडका माल वेगळा काढत बसले होते. हात मातीनं भरलेले, म्हणून फोन खांद्यानं कानाशी दाबून धरला.

"आक्का, कुठं हायेस?"

"घरीच, गावाला. का रं?"

"आप्पा कुठं हायेत?"

"नदीवर गेलेत, मोटार चालू करायला."

मागं ग्लास विसळल्याचा आवाज येत होता. तो एकदम हळू बोलायला लागला. "मिलिटरीची गाडी आलीय. नंबर प्लेटवर बाण हाय. दोघं हायेत, वर्दीतले. वडगाव रासाईचा रस्ता इचारला. मग आप्पांचं नाव घेतलं आन् घर कुठल्या अंगाला हाय म्हणून इचारलं."

"काय काम हाय म्हणाले?"

"मी इचारलं की. म्हणले, घरच्यांशीच बोलायचंय."

मी फोन बंद केला. हातातला कांदा मी सडक्या ढिगात टाकला की चांगल्या, ते आठवत नाही.

माझा धाकटा भाऊ लष्करात रणगाड्यावर आहे. त्या उन्हाळ्यात सीमेवर वातावरण तापलं, तेव्हा त्याची रेजिमेंट पुढं गेली. कुठं, ते त्यानं सांगितलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही. त्याचा शेवटचा मेसेज वहिनीच्या फोनवर होता. 'फोन जमा करायला सांगितलेत. काळजी करू नकोस. पाय सुजले तर उशीवर ठेवून झोप.' वहिनीला सातवा महिना होता. खरं तर ती नदीपलीकडं, दौंड तालुक्यात, तिच्या माहेरी जायची होती. पण ती हलायला तयार नव्हती. "ह्यांचा काय निरोप यायचा तो हितंच येणार," म्हणायची. मी शिकवते त्या कॉलेजला सुट्टी लागली होती, म्हणून शिरूरचं बिऱ्हाड बंद करून मी तिच्या सोबतीला आले होते.

घरात दिवसभर टीव्ही चालायचा. आप्पा, म्हणजे माझे वडील, सकाळच्या चहापासून समोर बसायचे. टीव्हीतली माणसं ओरडायची, मागं भोंगे वाजायचे, दर तासाला कुठलं तरी शहर पडायचं आणि पुढच्या तासाला ते पडलेलंच नसायचं. एके दिवशी आईनं रिमोट पिठाच्या डब्यात टाकून दिला. आप्पांनी सगळं घर शोधलं. तो कुठं आहे हे त्यांना दुपारपर्यंत कळलं असावं, कारण भाकऱ्या थापताना आईच्या हाताजवळ त्यांची नजर जायची. पण त्यांनी मागितला नाही.

अशा घरी मिलिटरीची गाडी येते म्हणजे काय, हे कुणी कुणाला समजावून सांगायची गरज नसते. तसली बातमी फोनवर देत नाहीत. माणसं येतात, वर्दीत येतात आणि घरच्यांशीच बोलतात. पलीकडच्या एका गावात पूर्वी असं झालेलं आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं.

वहिनी ओसरीवर गवार मोडत बसली होती. मी हात धुतले, स्कूटीची किल्ली घेतली.

"कुणाचा फोन व्हता, ताई?"

"कॉलेजातला. जरा फाट्यापर्यंत जाऊन येते, हितं रेंज न्हाई मिळत."

तिनं माझ्या पायांकडं पाहिलं. मी एका पायात माझी आणि एका पायात आईची चप्पल घातली होती. ती गवारीची शेंग मोडायची थांबली.

मला एवढंच कळत होतं की ती गाडी दारात येण्याआधी मला गाठायची आहे. जे काही असेल ते आधी माझ्या कानावर पडू दे, मग ते वहिनीला कसं सांगायचं, आईला कुणी धरायचं, दवाखान्यात न्यायला गाडी कुणाची, हे ठरवता येईल. मी आप्पांना फोन लावला. मोटारीजवळ त्यांना ऐकू येत नाही, हे माहीत असूनही पुन्हा पुन्हा लावला.

वेशीपर्यंत पोचायच्या आतच माझ्या लक्षात आलं की बातमी माझ्याही पुढं गेलीय. चहाच्या दुकानात काय एकटा मावसभाऊच होता? रोज 'काय आक्का, कवा आलात?' म्हणून हाक मारणारी दोन माणसं मोटारसायकलवरून समोरून आली, मला पाहून त्यांनी गाडी हळू केली आणि न बोलता निघून गेली. शेजारच्या काकू डोक्यावर पदर घेऊन आमच्या घराच्या दिशेनं चालल्या होत्या. त्या वेळी त्या कधी घराबाहेर पडत नाहीत. मी थांबून त्यांना मागं फिरवायला हवं होतं. पण थांबले असते तर त्यांनी माझा हात धरला असता, आणि मग माझ्यानं पुढं जाववलं नसतं.

फाट्यावर मी उन्हात उभी राहिले. गाडी काही येईना. न्हावऱ्याहून इतका वेळ लागत नाही. मावसभावाला पुन्हा फोन केला.

"गेली की मघाशीच! आली न्हाई का अजून?"

म्हणजे ती नदीकडच्या रस्त्याला लागली होती. बाहेरचा माणूस तिथं हमखास चुकतो, पाटी दोन्हीकडं गावाचंच नाव दाखवते. मी स्कूटी वळवली.

तो रस्ता आमच्याच उसातून भीमेकडं जातो. दोन्ही बाजूंनी ऊस माथ्यावर आलेला, मध्ये एक गाडी जाईल एवढी वाट. नदीच्या थोडं अलीकडं, लिंबाखाली, एक दगडी चौथरा आहे. त्यावर उभा दगड, दगडावर घोडा आणि स्वार कोरलेला. ऊन-पावसानं घोड्याचं तोंड झिजलंय, पण पुढचे दोन पाय उचललेले अजून स्पष्ट दिसतात. ही आमच्या खापरपणजोबांची समाधी. घरात त्यांना स्वारबाबा म्हणतात.

स्वारबाबांची गोष्ट मी आप्पांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकलीय, की तिच्यातलं माझं किती आणि त्यांचं किती हे आता सांगता येणार नाही. शिरूरला, म्हणजे जुन्या लोकांच्या घोडनदीला, तेव्हा इंग्रजांच्या घोडदळाची छावणी होती. स्वारबाबा घरचा घोडा घेऊन तिथं भरती झाले. पुढं त्यांना जहाजात घालून समुद्रापलीकडच्या मुलखात लढाईला नेलं. तिथं शत्रूच्या पायदळानं चौकोन धरून चारी बाजूंनी संगिनी बाहेर काढल्या होत्या. घोडा संगिनीवर जात नाही, आडवा फिरतो. स्वारबाबांचा घोडा गेला. चौकोन फोडून ते पार पलीकडं निघाले, आणि मागं वळून पाहतात तर बरोबरचा एक माणूस घोड्याखाली अडकलेला. ते परत आत शिरले. त्याला ओढून आपल्या घोड्यावर घेतलं आणि दुसऱ्यांदा बाहेर पडले. त्यात डाव्या हाताची दोन बोटं गेली. त्याबद्दल पदक मिळालं. आठ टोकांची चांदीची चांदणी, मधोमध निळ्या मिन्यावर एकमेकींवर ठेवलेल्या दोन तलवारी. ते पदक आजही आमच्या देवघराखालच्या फडताळात, खणात गुंडाळून ठेवलेलं असतं. दसऱ्याला बाहेर निघतं, त्याला हळदीकुंकू लागतं, आणि आप्पा गोष्ट सांगतात.

आमच्या तालुक्यात जुन्या लढायांचा विषय निघाला की माणसं आधी आजूबाजूला बघतात, मग बोलतात. कोण कुणाच्या बाजूनं लढलं, हा प्रश्न अजून गरम आहे. कॉलेजात शिकत असताना मीही आप्पांना विचारलं होतं, ते परक्यांसाठीच लढले ना? आप्पा चिडले नाहीत. म्हणाले, "नोकरी परक्याची व्हती, पोरी. पण माघारी फिरला तवा त्याला कुणी हुकूम केला नव्हता." माझ्या भावानं मात्र असलं कधी विचारलं नाही. तो लहानपणी त्या चौथऱ्यावर चढून दगडी घोड्यामागं बसायचा. पुढं भरतीला गेला, निवड झाली आणि रणगाड्यांच्या ट्रेनिंगला नगरलाच गेला. त्या दिवशी आप्पांनी गावात पेढे वाटले, आणि प्रत्येकाला सांगितलं की आता घोड्यांचे रणगाडे झालेत.

समाधीपाशी गाडी उभी होती.

दोघं खाली उतरलेले. तरुण होता तो ड्रायव्हर असावा, तो गाडीला टेकून पाणी पीत होता. दुसरा पन्नाशीचा, मिशा पांढऱ्या व्हायला लागलेला. त्यानं बूट काढून ठेवले होते आणि तो मोजे घातलेल्या पायांनी चौथऱ्यासमोर उभा होता. ते तिथं का थांबलेत, हा प्रश्नच माझ्या मनात आला नाही. मी स्कूटी स्टँडवर लावली आणि ती कलंडून उसात पडली. ड्रायव्हर धावत आला.

"तो कुठं आहे?" मी विचारलं.

मिशीवाला वळला. "कोण, ताई?"

"तुम्ही आमच्या घरी चाललात ना? मी त्याची बहीण. मला सांगा आधी. घरी त्याची बायको आहे, तिला सातवा महिना आहे. तिला नका सांगू. मला सांगा."

तो माझ्याकडं बघत राहिला. त्याला काही समजत नव्हतं, आणि मला वाटत होतं की हा शब्द शोधतोय. त्या क्षणाइतका लांब क्षण मी कधी पाहिला नाही. मग त्याचा चेहरा हळूहळू उतरत गेला.

"अरे देवा," तो म्हणाला. "तुमच्या घरचं कुणी पुढं आहे का?"

"भाऊ. रणगाड्यावर."

"ताई, आम्हाला हे माहीतच नव्हतं. आईशपथ माहीत नव्हतं. आम्ही त्यांच्यासाठी नाही आलो." त्यानं दगडाकडं हात केला. "आम्ही ह्यांच्यासाठी आलोय."

मी खाली बसले. चौथऱ्याच्या कडेला, उन्हानं तापलेल्या दगडावर. ड्रायव्हरनं बाटली पुढं केली, मी ती घेऊन तोंडावर पाणी मारलं.

पांढऱ्या मिशांचा माणूस रिसालदार होता, मूळचा साताऱ्याकडचा, नगरहून आलेला. घोडी गेली तरी घोडदळातली हुद्द्यांची नावं रणगाडेवाल्यांनी ठेवलीत, हे मला भावामुळं माहीत होतं. जुन्या घोडदळातल्या शूर स्वारांची घराणी शोधायचं काम त्याच्याकडं होतं. हिवाळ्यात नगरला कार्यक्रम होता. शिरूरच्या एका माजी सैनिकानं आमच्याकडच्या पदकाबद्दल आणि ह्या समाधीबद्दल त्याला सांगितलं होतं. "हुकूम आधीचाच होता," तो पुन्हा पुन्हा म्हणत होता. "असल्या दिवसांत वर्दीत कुणाच्या दारात जाऊ नये, हे माझ्या ध्यानात यायला पाहिजे होतं. माझ्या ध्यानात आलं नाही."

मला एकदम घर आठवलं. डोक्यावर पदर घेऊन निघालेल्या काकू आठवल्या.

"तुम्ही मागून या," मी म्हटलं. "हळू या. आधी मला पोचू दे."

स्कूटीचा आरसा तुटला होता. तशीच निघाले. वहिनीला फोन लावला, उचलला नाही. आईला लावला, तो उचलला गेला आणि त्यातून फक्त खूप बायकांचा आवाज आला.

अंगणात गाव जमलं होतं. पुरुष गोठ्याच्या बाजूला, बायका ओसरीवर. आई जमिनीवर बसली होती आणि दोघींनी तिला दोन्ही दंडांना धरलं होतं. ती रडत नव्हती. घशातून एक बारीक आवाज येत होता, कुणीतरी लांबून हाक मारावी तसा. आप्पा नदीवरून आले होते, धोतर गुडघ्यापर्यंत ओलं, पायाला चिखल. ते गर्दीत उभे होते, पण कुणी त्यांच्याजवळ जात नव्हतं. आणि वहिनी दारात, चौकटीला एक हात लावून, दुसरा पोटावर ठेवून ताठ उभी होती. तिला कुणी हात लावलेला नव्हता. तिनं लावू दिला नसावा.

मी फाटकातूनच ओरडले, "तसं काय न्हाई! त्याच्यासाठी न्हाई आले ते! तो सुखरूप हाय!"

गर्दीतून एकदम श्वास सुटला. आईनं डोकं वर केलं. कुणीतरी 'रासाई पावली गं' म्हणालं. आप्पांनी डोळे मिटून घेतले.

वहिनी हलली नाही. "सुखरूप हाय म्हणून कोण म्हणलं?" तिनं विचारलं.

"म्हणजे... ते पदकासाठी आलेत, स्वारबाबांच्या."

"ते कळलं. पण हे सुखरूप हायेत, असं त्यांनी सांगितलं का?"

कुणीच सांगितलं नव्हतं. गाडी त्याची बातमी घेऊन आली नव्हती, एवढंच खरं होतं. तो कसा आहे, हे आम्हाला सकाळी माहीत नव्हतं आणि आताही नव्हतं.

तेवढ्यात गाडी आली. माणसांनी वाट दिली. रिसालदार खाली उतरला, डोक्यावरची टोपी काढून त्यानं सगळ्यांसमोर हात जोडले. आप्पांची, आईची, वहिनीची वेगवेगळी माफी मागितली. आप्पा लगबगीनं पुढं झाले. "आवो साहेब, तुमचा काय दोष? या, बसा. पाणी आणा गं कुणीतरी." स्वारबाबांसाठी नगरहून माणूस आलाय, हे त्यांच्या मनापर्यंत पोचायला लागलं होतं. ते फडताळाकडं जाऊ लागले.

"थांबा, आप्पा," वहिनी म्हणाली. सासऱ्यांना तिनं असं थांबवलेलं मी त्याआधी पाहिलं नव्हतं. ती चौकट सोडून दोन पायऱ्या उतरली आणि रिसालदारासमोर उभी राहिली.

"साहेब, दीडशे वर्षांपूर्वीच्या माणसाचं घर तुम्ही हुडकून काढलं. माझ्या माणसाचा पत्ता लावून द्या."

"बाई, ते असं सांगता येत नाही. मी त्यांच्या रेजिमेंटचा नाही. सध्या तर कुणीच कुणाला काही—"

"मग पदक बघायला मिळणार न्हाई."

"सूनबाई!" आप्पा म्हणाले. "पाव्हणे हायेत."

"पाव्हणे हायेत म्हणूनच मागतीय. दुसऱ्या कुणापाशी मागू? टीव्हीपाशी?"

रिसालदारानं एकदा तिच्याकडं पाहिलं, एकदा आईकडं. मग वहिनीला भावाचं नाव आणि रेजिमेंट विचारली, खिशातून फोन काढला आणि तो गोठ्यापलीकडं बोरीच्या झाडाखाली गेला.

तिथून तो आम्हाला दिसत होता, ऐकू येत नव्हतं. पहिला फोन लगेच संपला. दुसरा लावला, तो लागलाच नसावा. तिसऱ्याला तो बोलला, मग नुसता ऐकत राहिला, मग पाठ फिरवून उभा राहिला. पाठ का फिरवली? अंगणातल्या प्रत्येकाच्या मनात हेच आलं असणार, कारण सगळी माणसं एकदम त्याच्याकडं वळली. गोठ्यातली म्हैस साखळी ओढत होती तेवढाच आवाज. आई माझ्याजवळ सरकली आणि तिनं माझं मनगट धरलं. वहिनी बसायला तयार नव्हती. मी तिच्यामागं जाऊन उभी राहिले, पडली तर सावरता यावं म्हणून. तिची पाठ घामानं भिजली होती.

रिसालदार परत आला. त्याचा चेहरा वाचायचा मी प्रयत्न केला, जमलं नाही.

"माझा एक जुना सोबती आहे," तो वहिनीला म्हणाला, बाकी कुणाकडं न बघता. "त्यानं एवढंच सांगितलं, की त्या रेजिमेंटमधून कुणाच्या घरी कळवावं असं आजपर्यंत काही घडलेलं नाही. ह्याच्यापेक्षा जास्त त्याला माहीत नाही. आणि हेही मी सांगायला नको होतं."

"आजपर्यंत म्हंजी आज सकाळपर्यंत?"

"आज सकाळपर्यंत."

"बरं," ती म्हणाली. "बसा तुम्ही. चहा ठेवते." आणि आत गेली. मी मागोमाग गेले, तर ती ओट्याला टेकून उभी होती आणि दोन्ही हातांनी तोंड दाबून रडत होती. तिला तसंच राहू दिलं. चहा मी टाकला.

माणसं हळूहळू पांगली. काही थांबली. आप्पांनी पदक बाहेर आणलं. रिसालदारानं आधी हात धुतले, मांडीवर स्वच्छ रुमाल पसरला आणि मग खण उलगडला. पदक त्यानं उलटसुलट करून पाहिलं. ड्रायव्हर त्याच्या खांद्यावरून वाकून बघत होता.

"सांगा, आप्पा," कुणीतरी म्हणालं. "स्वारबाबांची लढाई सांगा साहेबांना."

आप्पांनी घसा साफ केला. छावणी सांगितली, जहाज सांगितलं, चौकोन सांगितला. दसऱ्याला सांगतात तसंच, हात हलवून. "चारी बाजूंनी संगिनी," ते म्हणाले. "घोडा संगिनीवर जात न्हाई, साहेब. आडवा फिरतो. पर बाबांचा घोडा..." आणि थांबले. आम्ही वाट बघत राहिलो. त्यांनी पुन्हा सुरुवात केली, "बाबांचा घोडा..." आणि त्यांच्यानं पुढं जाववेना. त्यांनी खांद्यावरच्या उपरण्यानं तोंड पुसलं, आणि ते तसंच तोंडावर धरून बसले. एवढ्या वर्षांत त्या घोड्याला संगिनींवर घालताना त्यांचा आवाज नेहमी चढायचा. त्या दिवशी त्यांना घोड्यावर कुणी वेगळाच दिसला असेल.

पुढचं रिसालदारानं सांगितलं. त्याला माहीत होतं. फक्त त्याच्या गोष्टीत घोड्याखाली अडकलेला माणूस इंग्रज साहेब होता.

"न्हाई न्हाई," आप्पांनी उपरणं खाली घेतलं. "साहेब नव्हता. नदीपल्याडच्या गावचा गडी व्हता, बाबांच्या बरोबरचा स्वार. माझ्या आज्याच्या काळापर्यंत त्यांच्याकडनं दसऱ्याला नारळ आन् धोतरजोडी यायची."

"आमच्याकडं साहेब म्हणूनच आहे, आप्पा."

"आसंल. तुमच्याकडं तसं आसंल."

पुढं हिवाळ्यात आप्पा ते पदक घेऊन नगरला गेले, तेव्हा माईकवरून साहेबाचीच गोष्ट सांगितली गेली. आप्पा ऐकून घेऊन परत आले. घरी मात्र नारळ आणि धोतरजोडीच चालू आहे.

चहाचे कप घ्यायला वहिनी बाहेर आली. डोळे लाल, पण चेहरा धुतलेला. पदकाकडं तिनं पाहिलं, आणि रिसालदाराला विचारलं, "ह्यांच्या बायकोचं नाव काय व्हतं?"

"पदक मिळालेल्यांच्या?"

"व्हय. ते समुद्रापलीकडं गेले तवा ती हितंच असंल ना, ह्याच गावात. तिला कुणी काय कळवलं? कवा कळवलं?"

रिसालदारानं मान हलवली. "ते आमच्याकडं काही नाही, बाई."

तिनं आप्पांकडं पाहिलं. आप्पांनी माझ्याकडं. आमच्या घरात स्वारबाबांच्या घोड्याचा रंगसुद्धा सांगतात, अबलख होता म्हणून. तिचं नाव कुणाला माहीत नव्हतं. जहाज कधी सुटलं, कधी परत आलं, तोवर ती कुणाच्या दारात किती वेळा जाऊन विचारून आली असेल, की विचारायला कुणी नव्हतंच, यातलं काही कुणी सांगितलं नव्हतं. मी इतकी वर्षं ती गोष्ट ऐकत आले आणि हा प्रश्न मला कधी पडला नाही.

रिसालदार निघाला तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. त्यानं पदक नगरला न्यायची परवानगी मागितली. आप्पा म्हणाले, "पोरगं येऊ द्या. मग मीच घिऊन येतो." त्यानं आग्रह केला नाही. जाताना वहिनीला म्हणाला, "काही कळलं तर फोन करीन." ती म्हणाली, "चांगलं असंल तर फोन करा. दुसरं असंल तर तुम्ही स्वतः या." त्यानं मान डोलावली आणि गाडीत बसला. त्यानं फोन केला नाही, आणि तो आलाही नाही. त्याचा अर्थ लावत आम्ही पुढचे दिवस काढले. रस्त्यानं कुठलीही मोठी गाडी आली की आई हातातलं काम सोडून दाराशी यायची.

मग एका सकाळी वहिनीचा फोन वाजला. अनोळखी नंबर. तिनं उचलला, ऐकलं, आणि एकच शब्द बोलली, "व्हय." मग पुन्हा "व्हय." मग "उशीवरच ठेवते." आम्ही तिघं तिच्याभोवती उभे होतो. आईनं फोन हिसकावून घेतला तोवर तो बंद झाला होता.

भाऊ रजेवर आला तेव्हा वहिनी माहेरी होती आणि मुलगी झालेली होती. आप्पा आणि मी त्याला आणायला दौंड स्टेशनवर गेलो. गाडी उशिरानं आली. तो वाळला होता, कानामागं उन्हानं काळा पडला होता. आप्पांनी त्याची बॅग घेतली, त्यानं परत ओढून घेतली, मग दोघांनी मिळून ती एकेका बंदाला धरून जिन्यावरून आणली. तिथून आम्ही सरळ वहिनीच्या माहेरी गेलो. रस्त्यात आप्पांनी त्याला त्या दिवसाचं सगळं सांगितलं. रिसालदार, पदक, बोरीखालचा फोन. तिकडचं त्यांनी त्याला काही विचारलं नाही, आणि तोही बोलला नाही.

लेक त्याच्या मांडीवर दिली, तेव्हा तो अवघडून बसला होता, हलायलासुद्धा भीत होता. बराच वेळ तिच्याकडं बघत राहिला. मग मान वर न करता म्हणाला, "म्हंजी तुम्हा सगळ्यांना वाटलं, मी गेलो."

आप्पा खिडकीबाहेर बघायला लागले.

"मला न्हाई वाटलं," वहिनी म्हणाली.

त्यानं तिच्याकडं पाहिलं. "खोटं."

"व्हय," ती म्हणाली. "खोटं." आणि त्याच्या मांडीवरच्या मुलीचं झबलं नीट करू लागली.